शेरा

मेडिकलच्या तळमजल्यावर, एक्स-रेच्या मागे,
जिथे एप्रिलमध्ये कूलरच्या गवतालाही ताप चढतो,
तिथे एकोणीस वर्षं मी
दुसऱ्यांची दुखणी सालवार लावून ठेवतो.

माणसं वर वॉर्डात असतात म्हणे.
माझ्यापर्यंत येतं ते त्यांचं लिहिलेलं.
बाबूळखेड्याच्या बाईची
"छातीत धाकधूक होते, नवरा रात्री पिऊन येतो"
इथे पोचेस्तोवर "धडधड, दोन आठवडे" झालेली असते.
नवरा जिन्यातच कुठेतरी गळून पडतो.
कोराडीकडच्या खोकल्यात राख असते,
रकान्यात फक्त : बिडी, होय किंवा नाही.

एकाच माणसाला मेयोत एक आजार,
धंतोलीत दुसरा,
विम्याच्या फॉर्मवर तिसरा,
आणि घरी, सासूच्या मते, बाहेरचं काहीतरी.
सही चारही ठिकाणी त्याचीच
(चौथ्या ठिकाणी लिंबू).
पूर्वी मला वाटायचं, यातलं एक खरं असेल.

मंगळवारी तक्षशीला वालदे आली.
इंदोरा, वय चौतीस, पर्समध्ये सिकलसेलचं लाल कार्ड,
कोपरे झिजलेलं, राशनकार्डापेक्षा जास्त वापरलेलं.
मागे एक मुलगा पाहायला आला होता, म्हणाली,
त्याचं पिवळं होतं.
दोघांच्या आया पत्रिकेसारखी कार्डं धरून बसल्या
आणि पोहे निवले.

"मले माझा दोन हजार नऊचा कागद पाह्यचा हाये."
मी नियम दाखवला.
ती बाकावर बसून राहिली, पाय जवळ घेऊन.
जेवणाच्या सुट्टीत काढून दिला.

अकरा जून. रात्रीचे दोन वाजून दहा.
खाली कुण्या शिकाऊ डॉक्टरचं तिरकं इंग्रजी.
"वाचून सांगा नं जी, मराठीत."
पेशंट दुखणं वाढवून सांगते. सुई मागते.
'वाढवून' मी जरा हळू वाचलं.
तरी ऐकू गेलंच.

"हाडात गिट्टी फोडून राह्यले होते कोणी.
त्यानं इचारलं, एक ते दहा, किती?
म्या म्हटलं दहा.
त्यानं इचारलं, कोणत्या समाजाची?
म्या सांगतलं.
मंग त्यानं लिवलं.
तवापासून जिथं जातो तिथं
माह्याआधी हा कागद पोचते.
आता म्या चारच सांगतो. हासत हासत, चार."

खोडायचंय का, मी विचारलं. माझी नोकरी जाईल हेही सांगितलं.
"खोडून काय होते?
मले त्याच्या खाली लिवाचं हाये."

फॉर्मवर डॉक्टरांच्या शेऱ्याला जागा आहे,
परिचारिकेच्या आहे,
समाजसेवा अधीक्षकांच्याही आहे, दोन ओळींची.
रुग्णाचा शेरा
असा रकाना छापलेला मी पाहिला नाही.

पेन दिलं असतं तर चौकशी लागली असती.
म्हणून पेन्सिल दिली.
तिची बोटं नीट मिटत नव्हती, वेळ लागला.
मी तोवर पंखा बघत होतो,
त्याचं एक पातं वाकलंय, कधीचं.

शुक्रवारी तो गठ्ठा स्कॅनिंगला गेला.
सगळं आता काँप्युटरवर चढणार,
कागद जाणार रद्दीत.
पडद्यावर तिरका शेरा ठळक, काळाभोर,
आणि त्याखाली
पांढरं.
यंत्राला पेन्सिल दिसत नाही, ऑपरेटर म्हणाला.
उमरेडचा पोरगा, नवीनच लागलेला.

मी त्याला गडदपणा चढवायला लावला.
चहाचा गोल आला,
वाळवीची वाट आली,
पाठच्या पानावरचा कुणाचा तरी रक्तगट आला,
कागदच आजारी दिसू लागला.
मग करडी, मोडकी, अक्षरांसारखी
एक ओळ.
"खराब होऊन राह्यलं काका, थांबू?"

चष्मा घरी होता. वाचता आलं नसतंच.
म्हटलं, वाढव.