छपराचा कर

ओतीलियाकडे किल्ल्याची किल्ली असते.
लोखंडी, वीतभर, एप्रनच्या खिशात
लसणाच्या पाकळ्यांसोबत.
दार शाबूत आहे. दाराच्या दोन्ही अंगांची भिंत
कधीच दरीत उतरून गेली.
तरी ती कुलूप काढते, मला आत घेते,
आणि आतून कडी लावते.

तिची स्लोव्हाक, माझी मोडकी जर्मन, मधे बोटं.

ह्राबनिकला तीन बाजूंनी कडा,
चौथ्या बाजूला खडक फोडून काढलेला खंदक.
सगळा दगड त्यातलाच.
म्हणजे जो खड्डा तोच किल्ला, ती हात पालथा करून दाखवते,
नुसता उपडा घातलेला.

मान वर केली तर
पश्चिमेच्या भिंतीत एकावर एक तीन चुली:
खालची शिपायांची, मधली धन्याची,
वरची बायकांची.
तुळया गेल्या, मजले गेले,
चुली आपापल्या उंचीवर लटकलेल्या, काजळीसकट.
वेगळी चूल मांडावी तर अशी.

भिंतभर ओळीनं चौकोनी भोकं.
"बाणांसाठी?"
ती हसते. परांचीची लाकडं रोवायची भोकं ती.
गवंडी जाताना बुजवायचे राहिले,
किंवा त्यांचे पैसे राहिले असतील.
आता त्यांत करड्या मानेचे लहानखुरे कावळे नांदतात,
भाडं न देता.

कड्यावर पुढे आलेला दगडी सज्जा पाहून
मी म्हणालो, काय देखावा दिसत असेल इथून!
तो शौचकूप होता.
खाली आग्याचं रान अजून कमरेएवढं माजतं,
कित्येक पिढ्यांचं खत.
एप्रिलमधले कोवळे शेंडे खुडून ती सूप करते.

एका दगडावर कोरलेला बाण, त्याला आडवी रेघ.
घडणाऱ्याची खूण,
शनिवारी दगड मोजून मजुरी मिळायची तेव्हाची.
धन्याचं नाव फाटकावर तीन भाषांत आहे.
ह्याची फक्त रेघ.

मग मी विचारलंच: पाडला कुणी?
तुर्कांनी? आगीनं?

"करानं."
छप्पर असेल तर घर, घर असेल तर कर.
धन्यानं हिशेब घातला,
माणसं लावून लाकडी कौलं उतरवली
आणि खाली सपाटीवर राहायला गेला.
पुढचं काम बर्फानं केलं, बिनमजुरीचं.
मग गाव बैलगाड्या घेऊन वर आलं.

गाव म्हणजे कोण, ते मी विचारलं नाही.

संध्याकाळी तिच्या अंगणात,
डुकरांच्या खुराड्याच्या कोपऱ्यात, गुडघ्याच्या उंचीवर,
तोच बाण. तीच आडवी रेघ.
मी वाकून बघत राहिलो.
ओतीलियानं वरच्या पत्र्यावर थाप मारली:
"ह्याचा भरते मी. दर मे महिन्यात."

डुकरीण आली, मला बाजूला सारलं,
आणि त्या खुणेवर पाठ घासू लागली.