बुधवारची खोली

तिचं नाव इथं लिहिणार नाही.
गावाचंही बदललं आहे,
घरासमोरचं सीताफळ काढून तिथं चिंच लावली आहे,
तरी साकोलीपासून लाखांदुरापर्यंत कुणी हे वाचलंच
तर चौथ्या ओळीला म्हणेल,
हे तं आपल्या बोडीजवळचं घर.

ग्रामीण रुग्णालयात एक्स-रेसाठी खोली बांधली होती.
मशीन आलंच नाही, मी आले.
दर बुधवारी दहा ते दोन.
दारावर ‘मानसिक आरोग्य’ अशी पाटी होती,
ती मीच उतरवून कपाटामागे ठेवली.
आता लोक दात दाखवायला येतात,
बी.पी. मोजायला येतात,
आणि दाताच्या रांगेतून हळूच सरकत
चपलेसकट आत शिरतात,
कारण बाहेर राहिलेली चप्पल गाव ओळखतं.

नागपूरला शिकवलं होतं,
ज्याचं ऐकायचं त्याच्याशी दुसरं नातं नको.
मी ते वहीत उतरवून घेतलं होतं, खाली रेघ मारून.
इथं ज्याच्या हातांना रात्री कंप सुटतो
तोच माझा सिलिंडर जिन्यावरून वर आणतो.
जिनं नवऱ्याचं सांगितलं, दूध तिच्याचकडचं.
आणि नोंदवह्यांच्या कपाटाची दुसरी किल्ली
लांजेवार शिपायाकडे, जो अर्ध्या गावाचा मामा.
मंडईच्या रात्री नाटकाला गेले
तर माझ्याच रांगेत बुधवारचे सात जण.
रडायच्या प्रवेशाला
सगळ्यांनी आधी माझ्याकडे पाहिलं.

तर कापगते काकू. घरमालकीण.
एका संध्याकाळी लाखोरीची डाळ निवडता निवडता म्हणाल्या,
“माह्या भाच्यासाठी पोरगी पाहून रायलो आमी.
तुमी तं ओळखता तिले. कशी हाय?”

सुपात माझाही हात होता.
एक खडा सापडला, तो मी बराच वेळ पाहत राहिले.
म्हटलं, “मी कुणाबद्दलच काही सांगत नसते, काकू.”

खरं होतं. पण मागच्या वैशाखात
मास्तरांच्या धाकटीबद्दल याच काकूंनी विचारलं होतं,
आणि ती माझ्या खोलीत कधी आलेली नव्हती म्हणून
मी मोकळेपणी बोलले होते,
गुणी आहे, हसरी आहे, करून टाका.
ते लग्न झालं. मी जेवून आले.
तेव्हाच कळायला हवं होतं,
एकीला चांगलं म्हटलं
की दुसरीसाठी गप्प बसणं
म्हणजे बोलणंच.

काकूंनी पुढं काही विचारलं नाही.
सूप फक्त एकदा जोरात पाखडलं.

स्थळ तिच्याकडे गेलंच नाही.
कुणी काही बोललं नाही,
बोट दाखवावं असं कुठं काही घडलं नाही.
नागपूरला फोन लावला तर मॅडम म्हणाल्या,
गोपनीयता तर तुम्ही पाळलीत.
पाळली.

तीन बुधवार ती आली नाही.
चौथ्या बुधवारी आली,
पिशवीत उकडलेले शिंगाडे, अजून कोमट.
भेट घेऊ नये, हेही त्या वहीत आहे.
पण नाही घेतली, तर भरली पिशवी घेऊन
परत जाताना तिला अख्खी रांग पाहील.
मी एक सोलला. अर्धा तिला दिला.

“म्याडम,” ती म्हणाली, नखात काळं सालटं,
“तुमी मले चांगली म्हटलं असतं
तं ते लबाड झालं असतं का?”

म्हणजे तिला कळलं होतं.
डाळ, सूप, खडा, सगळं.

“नाही,” मी म्हटलं,
आणि ते इतक्या मोठ्यानं निघालं
की बाहेर दाताची रांग
एकदम गप्प झाली.