दुसऱ्या पानावरचं झाड

सरकारखर्चाने लढायची म्हणून माझ्याकडे आलेली फाईल
कंधमाळची. बिसिकेशन कँहर, वय अंदाजे सत्तावीस.
ते अकरा वर्षांपूर्वीचं अंदाजे.

कबुलीजबाब ओडियात, चार पानं, अक्षर वळणदार.
'रात्री नऊ वाजून दहा मिनिटांनी मी
फणसाच्या झाडाखाली काकांना गाठले.'
नऊ वाजून दहा!
घरात घड्याळ नव्हतं. पंचनाम्यातच आहे:
दोन हंडे, एक कांबळं, खुराडं रिकामं.
आणि ओडिया त्याला तेव्हा
आठवडी बाजारात मीठ घेण्यापुरती येत होती.
खाली डाव्या अंगठ्याचा ठसा, जरा फराटलेला,
कुणी मनगट धरून दाबल्यासारखा.
हे माझं म्हणणं. पुरावा नव्हे.

राहिली साखळी.
दोघांना शेवटचं एकत्र पाहिलं, म्हणाली पुनिता मल्लिक;
उलटतपासात म्हणाली, पाठ पाहिली.
टांगिया त्यानेच काढून दिली म्हणतात,
पण शिपाई जेवून आला तेव्हा खड्डा खणलेला होता.
पात्यावर रक्त. माणसाचं की बोकडाचं,
प्रयोगशाळेला सांगता आलं नाही,
तोवर ते वाळून कुजून गेलं होतं.

कटकला दोन न्यायमूर्तींनी एकेक कडी
नाणं वाजवून घ्यावं तशी वाजवून पाहिली.
बद्द.
संशयाचा फायदा. सव्वीस पानं, इंग्रजीत.

निकाल घेऊन मी चौद्वारच्या तुरुंगात गेले.
निकालाकडे त्याने पाहिलं नाही.
म्हणाला, मी काय बोललो होतो ते दाखवा.
आत राहून तो ओडिया वाचायला शिकला होता,
बोट ठेवून, ओठ हलवत,
पहिलीतल्या पोरासारखा.
दुसऱ्या पानावर बोट थांबलं.

'फणस नाही,' म्हणाला. 'महुल होता.'

आणि पान उलटलं.
मी काही विचारलं नाही. विचारायचं नसतं,
हे आमच्या धंद्यात पहिल्या वर्षीच कळतं.

फाटकाबाहेर काकांचा धाकटा मुलगा उभा होता,
बसची दोन तिकिटं काढून.

कुठे कुठलं झाड, हे गावात कुणालाही माहीत असणार.
रिक्षात बसल्यावर मी स्वतःला सांगितलं.
महानदीच्या पुलावर
पुन्हा एकदा सांगितलं.