पावलांचं काम

माणूस विहिरीत पडतो तेव्हा
आधी पाणी वाजत नाही, आधी काठ वाजतो.
एळिलमारनसाहेबांना हे ठाऊक नव्हतं.
वडपळनीच्या गल्लीत,
अंड्यांच्या पुठ्ठ्यांनी मढवलेल्या खोलीत
ते म्हणाले, "पूंगोडी, फक्त धप्प. बाकी संगीत सांभाळेल."

माझं पोट अशा धप्पवर चालतं.
केळीचा सोट मोडला की माणसाचा हात मोडतो,
ओलं गोणतं आपटलं की सावकार कोसळतो,
जुन्या कॅसेटीची फीत कुस्करली
की कुणीतरी गवतातून येतं, चाकू घेऊन.
बावीस वर्षांत एकशे सहा खून केलेत मी.
नाव शेवटी येतं,
लोक अंधारात चपला शोधत असतात तेव्हा.

ह्या चित्रपटात पोस्टमास्तरची बायको मरते.
पहिल्या दहा मिनिटांत.
फौजदार म्हणतो, पाय घसरला असेल.
मध्यंतरापर्यंत सगळे तेच म्हणतात.
मग पैंजण सापडतं, मग एक पत्र,
मग डॉक्टरला घाम फुटतो.
छान रचलंय. प्रत्येक गाठ वेळेवर सुटते.

आमच्या अक्काची सुटली नाही.
कोविलपट्टीच्या पुढे, काळ्या रानातली विहीर.
मी नऊ वर्षांची, ओट्यावर तापानं फणफणलेली.
ऐकलं ते असं:
पैंजण. थांबलं.
मागून कातडी चपलांची करकर,
डाव्या पायाची जास्त.
रहाटाचं अर्धंच कुरकुरणं.
काठावरचा दगड.
मग पाणी.
मग परत करकर, सावकाश,
घाई नसलेल्या माणसाची.

कागदावर लिहिलं, पाय घसरला.
खाली पहिला अंगठा मामाचा.
मला कुणी विचारलं नाही.
तापातलं ऐकणं पुराव्यात धरत नाहीत.

झेवियरनं पडद्यावर विहीर लावली. लाल दिवा.
मी हौदाशी बसले, पैंजण हलवलं,
वीट सरकवली, गोणतं सोडलं.
"झालं," साहेब म्हणाले, आणि चहाला गेले.
मी म्हटलं, झेवियर, अजून एक घे.
कशाचं?
घे रे.
कातडी चपलांची जोडी आठ दिवस उन्हात वाळवली होती.
हातांत घालून फळीवर चालवली,
डावी जरा दाबून.
त्यानं हेडफोन उतरवला. "पण इथं तर ती एकटीच आहे."
"इतकं हळू ठेव," मी म्हटलं,
"की ज्याचं आहे त्यालाच ऐकू जाईल."

शुक्रवार, कोविलपट्टी, सकाळचा खेळ.
मामा नातवाला घेऊन आला.
पांढरी वेष्टी, कपाळावर विभूती, नेमकी पंख्याखालची जागा.
मी दोन रांगा मागे.
त्याला माझा चेहरा कधी पाठ नव्हताच.

विहीर आली.
कुणी शेंगा फोडत होतं,
कुणाचं बाळ किरकिरत होतं,
कुणाला काही ऐकू आलं नाही.
मामा तेवढा खाली वाकला.
चपला काढल्या,
आणि दोन्ही पाय वर घेतले, खुर्चीवर,
जणू खाली पाणी चढतंय.
नातू म्हणाला, "तात्ता, अजून खुनी कुठे आलाय?"

मध्यंतरात ते दोघं गेले.
मे महिन्याची सडक,
नातवाच्या पायात बूट, आजोबा अनवाणी.

डॉक्टरला बेड्या पडल्या, टाळ्या झाल्या.
माझं नाव वर सरकत होतं
तेव्हा मी खुर्चीखाली हात घालून चाचपत होते,
इतर सगळ्यांसारखीच.

आता त्या माझ्या पिशवीत आहेत, पैंजणाशेजारी.
डावीची टाच जास्त झिजलीये.
झेवियर विचारतो, कुठल्या चित्रपटासाठी?

मी अजून वाजवून पाहिल्या नाहीत.