पान ११३ ते १२८

केर्टूनं दोन पुस्तकं टेबलावर ठेवली.
एक नवं, प्रथिनं घडवायला शिकवणारं;
दोन हिवाळे सायकलच्या टोपलीत फिरून
पाठीतून निखळलेलं. समासात पेन्सिल, कॉफी,
एका जागी नुसतंच "का?"
दुसरं जुनं, आनुवंशिकतेचं,
ग्रंथालयानं बाद केलेलं, दीड युरोला.

हिल्वेनं नवं बाजूला सारलं.
जुन्यात एकशे बारानंतर थेट एकशे एकोणतीस.
फाडलेलं नव्हतं.
कुणीतरी दोरा उसवून सोळा पानांची घडी
अलगद काढून घेतली होती
आणि परत शिवून गाठ मारली होती. डावखुरी.

तिनं चष्मा पुसला.
तार्तू गावात डावखुरा बांधणीवाला एकच होता,
शाळेत जाताना तिची वेणी तोच घालायचा.

"त्या वर्षी जनुकं नव्हती," ती म्हणाली.
"असू नयेत, असं वरून पत्र आलं होतं."

बाहेर एमायोगी काठाकाठानं गोठत होती.
केर्टू हातमोजे चाचपत स्वतःचं काम सांगू लागली:
तीनशे अक्षरांची साखळी,
त्यातलं एक बदलायचं,
मग बघायचं, घडी नीट बसते का.
(आपल्याकडे 'ध' चा 'मा' झाला नि एक पेशवा गेला.
हिच्या एन्झाइमला मात्र तेवढ्यानंच
गार पाण्यात लोण्याचे डाग काढता येऊ लागले.)
"पण घडी का बसते, ते अजून डोळ्यांपुढे येत नाही."

हिल्वेनं एक मोठा कोरा ताव ओढला.
भराभर आकडे टाकले, काही सुलटे, काही उलटे:
एकच्या शेजारी सोळा,
चारच्या शेजारी तेरा,
आठ तर डोक्यावर उभा.
"वाच."
"वाचता येत नाही."
हाडाच्या पट्टीनं तिनं तीन घड्या घातल्या,
कडा कापल्या, आणि ताव पुढे केला.
एक. दोन. तीन. चार.

केर्टू बराच वेळ काही बोलली नाही.
मग ताव उलगडला, पुन्हा दुमडला,
आणि न विचारता खिशात घातला.

रात्री हिल्वेनं फळीवरून
बापानं बांधलेलं पुस्तक काढलं: बीटची लागवड.
त्याची पाठ वाफेवर धरली.
खळ सैल झाली, अस्तर सुटलं,
बोटभर रुंदीच्या छापील पट्ट्या:
माशीचा अर्धा पंख,
उलटा एकशे एकोणीस,
आणि एक ओळ, कात्रीनं मध्येच थांबलेली:
पहिल्या पिढीत ते दिसत नाही, म्हणून

नवं पुस्तक गुरुवारी द्यायचं होतं.
ते राहून गेलं.
बीटच्या लागवडीच्या अजून चार प्रती आहेत फळीवर,
आणि किटलीत पाणी तापतंय.