कोपरे

सुपानबुरीत ट्रेलरवर मशीन चढवले
की पिवळ्या रंगाचा पाठलाग सुरू.
ज्या जिल्ह्यात भात पिकेल तो माझा जिल्हा,
ज्या केबिनमध्ये घोरेन ते माझे घर.
कार्तिकाच्या सुमाराला मी मून नदीच्या वरच्या अंगाला असतो,
जिथे चिकट भात पिकतो
आणि पोरे माझ्या बोलीची नक्कल करतात.

बुआलाईचे शेत नऊ राय.
फोन तिच्या मुलीचा येतो, रायोंगहून,
मागे कारखान्याचा भोंगा:
"आईला विचारू नका. विचारलंत तर नाही म्हणेल.
पैसे मी पाठवलेत."
पहिल्या वर्षी मी विचारले नाही.
अडीच तासांत शेत रिकामे.

मशीन बंद केले, तर बांधावर अकरा माणसे,
हातात विळे, खांद्याला भाताच्या बांबूच्या डब्या.
सावड फेडायला आली होती.
बुआलाईने कुणाकडे एक दिवस कापले होते, कुणाकडे दोन,
खामसेनकडे तीन.
ते दिवस परत करायचे
आणि समोर नुसती धसकटे.

खामसेनने विळ्याची धार अंगठ्यावर पाहिली,
जणू चूक विळ्याची.
बुआलाई खाली बघत म्हणाली,
"जेवून तरी जा."
जेवली सगळी. मलाही हाक मारली.
मिरचीचा ठेचा, भाजलेला मासा, गार झालेला भात.
घास चावता चावता मी मोजत होतो:
अकरा माणसे, दोन दिवस तरी;
मी एकटा, अडीच तास.
हिशेब पुन्हा केला. तोच आला.

खोटे कशाला सांगू,
रात्री बुआलाईची कंबर आता सरळ होते.
मुलगी एप्रिलात स्वतःच्या स्कूटरवरून येते,
कुणाला न विचारता चपला घेते.
म्हशीच्या गोठ्यात फ्रीज आहे,
त्यातले गार पाणी सगळ्यात जास्त मीच पितो.
माझ्या बापाची जमीन गोदामाखाली गेली,
त्याच पैशांचे हे मशीन.
मी कुणाची बाजू घेऊ?

पण मशीनला कोपरे घेता येत नाहीत.
वळताना चारी टोकांना
आणि आंब्याच्या बुंध्याशी
चटईएवढे भात उभे राहते.
दुसऱ्या वर्षी गेलो तर खामसेन आधीच येऊन बसलेली.
"तू तुझं काप," म्हणाली, "माझं मला ठेव."

तेव्हापासून कोपरे तिचे.
वीस मिनिटे कापते,
पेंढी वळते, बुआलाईच्या हातात देते,
मग दोघी बोटांच्या पेरांवर बसतात मोजत:
तीन दिवस, त्यातून वीस मिनिटे वजा,
मागच्या सालची वीस वजा,
त्या एका साली पाऊस आला ती दहाच.
"अजून ऐंशी-पंच्याऐंशी वर्षं लागतील गं."
"मग एवढ्यात मरता नाही यायचं."
आणि अशा हसतात
की मला इंजिन चालू करायची लाज वाटते.

औंदा नवे मशीन घेतले. आखूड वळणारे.
विकणारा म्हणाला, कोपऱ्यातला दाणाही सुटणार नाही.
रायोंगहून फोन आला:
"ऐकलं ते खरं ना? मग काही सोडू नका."
हो म्हणालो.

पहिल्या कोपऱ्याशी आलो
आणि हात आपसूक जुन्या सवयीने
रुंद वळला.
दुसऱ्याला सवय नव्हती, मीच होतो.

आता आंब्याखाली बसलोय.
चार चटया उभ्या आहेत, वाऱ्याने हलतात.
ऊन डोक्यावर आले.
बुआलाईने दोन डब्या आणल्यात,
अजून एकही उघडलेली नाही,
आणि ती रस्त्याकडे बघत
मला तिसऱ्यांदा विचारते,
घड्याळात किती वाजले.