मापाची वही

पद्मल मगदूमबाईंच्या वहीत
डाव्या पानावर मापं : छाती चौतीस, बाही एकवीस,
उंची (इथं खोडलंय) "मान खाली घालून चालते, दोन बोटं कमी धरा."
उजव्या पानावर प्रवेश दुसरा.

मी काजं करायला होतो.
खणभागात, पिठाच्या गिरणीवरच्या माडीत.
गिरणी सुरू झाली की बाई मोठ्यानं संवाद म्हणायच्या,
आणि खाली ज्वारी घेऊन उभी असलेली माणसं
वर बघायची.

त्या आधी कपडा लिहायच्या, मग वाक्य.
"हवालदाराचं तिसरं बटण वेगळ्या दोऱ्यानं लाव.
घरी कुणी नाही त्याला. स्वतःच लावलंय."
तेराव्या रांगेतून दिसणार नाही, मी म्हणालो.
"त्याला दिसेल की."
त्या रात्री नटानं बोलता बोलता बटणाला हात लावला
आणि गप्प झाला.
दुसऱ्या दिवशी बाईंनी दीड पानाचं स्वगत काढून टाकलं.

जाहिरातीत त्यांचं नाव : वेशभूषा.
लेखक म्हणून कंपनीचे मालक, शेडबाळेअण्णा.
"अस्तर कुणी बाहेरून बघतं का?" बाई म्हणायच्या,
आणि अस्तर इतकं देखणं लावायच्या
की मलाच राग यायचा.
सिनेमा एकदाच मिळाला. वाईच्या घाटावर चाळीस दिवस.
पडद्यावर नाव आलं तेव्हा दिवे लागले होते,
लोक चपला शोधत होते.

मग एकोणीस सालचं पाणी.
गिरणी गेली, जिन्याची पाचवी पायरी, नववी, मग उंबरा.
आठ दिवसांनी आलो तर वहीची
निळी भाकरी झालेली.
ट्रंकेतले कपडे तेवढे धुतले, गच्चीवर दोरी बांधली.
हवालदार, त्याच्याशेजारी सावत्र आई,
तिच्याशेजारी कधी न आलेला नवरदेव.
तीस वर्षांत जे एका रंगमंचावर भेटले नाहीत
ते चिखलाच्या वासासकट एका ओळीत वाळत.

बाई एकेक बाही धरत फिरल्या.
"ह्या पदराला गाठ आहे. म्हणजे चिठ्ठी हिच्याकडं होती.
म्हणजे हिला सगळं ठाऊक होतं. लिही."
मी लिहीत गेलो.
दुमडीवरून वर्षं मोजली,
पिवळ्या डागावरून सापडला
अडतीवर हळदीची पोती उचलणारा भाऊ.
चार नाटकं अशी परत आली. पाचव्याचं अर्धं.

दोरीच्या टोकाला एक करडा कोट राहिला.
छाती अडतीस. खिसा चारी बाजूंनी शिवलेला.
हा कुठल्या नाटकातला?
बाईंनी कॉलर सरळ केली, कोट उलटा करून
अस्तर पाहिलं, बराच वेळ.
"राहू दे हा. ह्याला इस्त्री नको."

नव्या वहीच्या पहिल्या पानावर मी विचारलं,
लेखक म्हणून कुणाला घालू?
त्यांच्या दातांत सुई होती.
म्हणून बोलल्या नाहीत,
असं मी अजून धरून चालतो.